आईचा मान : वर्षभराची तजवीज

मे महिन्याचा दुसरा रविवार जवळ येऊ लागला, की वाचकांकडून येणाऱ्या पत्रांत एकाच जातीचे प्रश्न दरवर्षी वाढू लागतात: आईला काय द्यावे, हा परदेशी दिवस आपण पाळावा की पिठोरी अमावस्येलाच मातृदिन मानावा, परगावी राहून तिच्यासाठी काय करता येईल, आणि हल्ली पुष्कळदा, भावंडांनी आईची जबाबदारी वाटून घ्यावी तरी कशी. हे प्रश्न विचारणाऱ्यांच्या मनात प्रेम आहे, म्हणूनच ते अस्वस्थ आहेत; परंतु त्या प्रेमाला वर्षभर वावरण्याची रीत सापडलेली नसते, आणि मग ते एका दिवसाच्या पुष्पगुच्छात एकवटते. ही रीत बसवण्यास उपयोगी पडतील अशा काही गोष्टी येथे मांडत आहोत. त्यांतील निम्म्या घरातल्या आहेत आणि निम्म्या कचेरीतल्या. कारण आमच्या मते आईचा मान दोन ठिकाणी कसाला लागतो: घरातला निर्णय तिला विचारून होतो की नाही येथे, आणि तिचे नाव, तिचा पैसा व तिचा हिस्सा कागदोपत्री जिथल्या तिथे आहे की नाही तेथे.

दिवस कोणता पाळावा?

या प्रश्नावर फार वेळ घालवण्याचे कारण नाही. मे महिन्यातला दिवस अमेरिकेतून आला, हे खरे. वेस्ट व्हर्जिनियातील ग्राफ्टन गावी १९०८ साली अॅना जार्विस यांनी आपल्या दिवंगत आईच्या स्मरणार्थ प्रार्थनासभा घडवून आणली, १९१४ साली राष्ट्राध्यक्ष विल्सन यांनी त्या दिवसाला सरकारी मान्यता दिली, आणि पुढे त्याच जार्विसबाई फुलांच्या व शुभेच्छापत्रांच्या व्यापाराविरुद्ध आयुष्यभर झगडल्या. आपल्याकडे श्रावणातल्या पिठोरी अमावस्येला मातृदिन मानण्याची परंपरा आहे, त्या दिवशी आई चौसष्ट योगिनींची पूजा करते, खीरपुरीचे वाण हाती धरून "अतिथी कोण?" असे विचारते आणि मुले "मी" म्हणून ते घेतात. तुमची आई ज्या दिवशी आनंदेल तो दिवस पाळा. दोन्ही दिवशी आनंदत असेल तर दोन्ही पाळा.

मात्र पिठोरीचे व्रत मुलांच्या आयुरारोग्यासाठी आईने करावयाचे असते, म्हणजे तिच्या नावाच्या दिवशीही उपवास तिचा, स्वयंपाक तिचा आणि खाणारे आपण, ही गोष्ट नजरेआड होऊ देऊ नका. म्हणून एवढे करा:

- पूजा तिची राहू द्या, ती तिच्या श्रद्धेची बाब आहे. परंतु खीर आटवणे, पुऱ्या तळणे आणि मागची आवराआवर तुमच्याकडे घ्या.
- तिला मधुमेह वा रक्तदाब असेल, तर उपवासाच्या दिवशी औषधाचे काय करावयाचे हे आधी डॉक्टरांना विचारून ठेवा. "आज राहू दे गोळी" असे परस्पर ठरवू नका.
- ज्या घरातले एखादे मूल गेले आहे, त्या घरी हा विधी करावा की टाळावा हे सर्वस्वी आईला ठरवू द्या, आणि तिने टाळला तर कारण विचारू नका.

"मला मेलीला काय हवंय?"

आईला काय हवे असे विचारले, की बहुतेक घरांतून हेच उत्तर येते, आणि तेथेच मुलांचा शोध संपतो. वस्तुतः ते उत्तर तिच्या इच्छेचे नसते, तिच्या सवयीचे असते. दुपारी पावणेदोनच्या सुमारास, सगळ्यांची पाने उठल्यावर, ती ओटा पुसून जेवायला बसते तेव्हा तिच्या ताटात काय असते ते एकदा लक्षपूर्वक पाहा: कडेला करपलेली पोळी, कढईच्या तळाशी राहिलेली भाजी, आणि सकाळचा उरलेला भात फोडणी देऊन. तुमच्या ताटात पहिली, फुगलेली पोळी पडावी म्हणून करपलेली बाजूला ठेवण्याचा हिशेब तिने इतकी वर्षे केला आहे, की "तुला काय हवे" या प्रश्नाला उत्तर देण्याची तिला मुळी सवयच राहिलेली नाही.

म्हणून प्रश्न लहान आणि नेमका विचारा, आणि समोरासमोर बसून विचारू नका. भाजी निवडताना, कपड्यांच्या घड्या घालताना, बाजारातून परत येताना आई जितकी मोकळेपणाने बोलते तितकी ती खास बोलण्यासाठी म्हणून बसवल्यावर बोलत नाही.

- "आई, तुझ्या शाळेतल्या मैत्रिणींपैकी आता कुणाची गाठ पडते?"
- "माहेरी कुणाला भेटायचं राहिलंय?"
- "लग्नाआधी तू काय करायचीस, जे नंतर सुटलं?" पेटी, रांगोळी, पोहणे, वाचन, भाषणे, क्वचित नोकरीही, या प्रश्नाला आलेले उत्तर मुलांना बहुधा नवीन असते.
- "या घरातलं कोणतं काम तुला मनापासून नको वाटतं?"

सुनांनी हेच प्रश्न सासूबाईंना "आई, तुम्हांला" म्हणून विचारण्यास काहीच हरकत नाही. पुष्कळ घरांतून सासूच्या मनातले सुनेला आधी कळते, आणि मुलाला ते तिच्याकडून समजते. शेवटच्या प्रश्नाला जे उत्तर येईल ते काम त्याच आठवड्यात तिच्या अंगावरून काढा. तिने रोज पहाटे उठून दूध तापवणे नको वाटते म्हटले, तर दुसऱ्या दिवसापासून ते दुसऱ्याने तापवावे; ती "असू दे, मी करते" म्हणेल, दोनतीन दिवस म्हणत राहील, तेव्हा वाद न घालता दूध तापवत राहावे.

भेटवस्तूच्या बाबतीत काही चुका वारंवार होताना दिसतात. तिच्या नावाने मिक्सर, कुकर वा कपडे धुण्याचे यंत्र आणणे हे घरासाठी आणणे आहे. जरूर आणा, पण त्याला तिची भेट म्हणू नका. तिला न विचारता घडवून आणलेला मोठा समारंभ, साठीचा असो वा पंचाहत्तरीचा, तिच्यावर पाहुण्यांची सरबराई लादतो. साडी आणावयाची तर तिला दुकानात घेऊन जा आणि रंग, पोत, काठ तिला निवडू द्या. साडी नेसणाऱ्या बाईला दुकानदारासमोर दहा साड्या उलगडून पाहण्यात जे सुख असते ते घरी आणलेल्या बांधलेल्या खोक्यात नसते. आणि रोख रक्कम दिली तर तिचा हिशेब पुन्हा मागू नका.

सणावारांचे श्रम

गौरीगणपती, नवरात्र आणि दिवाळी या दिवसांत आईचे कौतुक सर्वांत अधिक होते आणि तिचे श्रमही त्याच दिवसांत सर्वांत अधिक असतात. गौरींच्या जेवणाला सोळा भाज्या, पुरणपोळी, आंबील, घावनघाटले. दिवाळीत चकली, अनारसे, करंज्या. आणि जेवणारा प्रत्येक जण "तुझ्या हातची चव" म्हणून ताट पुढे करतो. हे कौतुक खरे असते. परंतु सत्तरीच्या बाईच्या गुडघ्यांना त्याचा काही उपयोग होत नाही. म्हणून सणाच्या आधी पंधरा दिवस सर्वांनी बसून कामांची यादी करावी, प्रत्येक कामासमोर एक नाव लिहावे, त्यांत पुरुषांची नावे असावीत, आणि आईकडे तिला आवडणारे एकच काम ठेवावे, मग ते मोदकांना मुखऱ्या पाडण्याचे असो वा नुसते खुर्चीवर बसून चकलीच्या भाजणीचे प्रमाण सांगण्याचे. जो पदार्थ करण्यास माणूस मिळत नाही तो बचतगटाच्या बायकांकडून विकत घ्यावा. देवाची त्यास हरकत नसते. हरकत बहुधा आपल्या जिभेची असते.

तिची कृती मात्र लिहून घ्या, तिच्या मापांनी: वाटी कोणती, "अंदाजाने" म्हणजे किती चिमूट. तिच्या शेजारी उभे राहून एकदा स्वतः तो पदार्थ करून पाहण्यास एक दुपार लागते, आणि त्या दुपारी ती जितके बोलते तितके एरवी महिन्यात बोलत नाही.

वडील गेल्यानंतर

याविषयी थोडे खुलेपणाने लिहावे असे वाटते, कारण अत्यंत प्रेमळ घरांतूनही येथे आईचा अपमान होतो आणि करणाऱ्यांच्या तो ध्यानातही येत नाही. मुलाच्या लग्नात देवक बसवताना तिला मागे बसवतात, मुलीच्या डोहाळजेवणात ओटी भरण्यास शेजारणीला बोलावतात, संक्रांतीच्या हळदीकुंकवाच्या दिवशी ती आपण होऊन आतल्या खोलीत जाते. कोल्हापूर जिल्ह्यातील शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये, पतीच्या निधनानंतर पत्नीचे कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगळसूत्र व जोडवी काढणे आणि तिला समारंभांपासून दूर ठेवणे या प्रथा बंद करण्याचा ठराव केला, आणि त्याच महिन्यात राज्य शासनाने परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींसमोर तो कित्ता म्हणून ठेवला. तुमच्या घराला ठरावाची आवश्यकता नाही.

- कार्याच्या आमंत्रणपत्रिकेत निमंत्रक म्हणून तिचे नाव पहिले छापा.
- ओटी प्रथम तिच्या हातून भरवून घ्या आणि तिचीही भरा. नातलगांपैकी कोणी कुजबुजेल याची कल्पना असेल, तर घरच्या थोरल्या मुलाने वा सुनेने त्यांना आधीच भेटून "आमच्याकडे असेच होणार आहे" म्हणून सांगावे. ऐन वेळी तिच्यासमोर वाद होऊ देऊ नये.
- तिचाच संकोच आड येत असेल तर बळजबरी करू नका. पुढच्या वेळी पुन्हा विचारा, आणि त्याच्या पुढच्या वेळीही.

परगावी वा परदेशी असाल तर

पुण्यामुंबईस असा वा न्यू जर्सीस, आईशी रोज बोलता येते ही या पिढीला लाभलेली मोठी सोय आहे. दूरध्वनी ठरलेल्या वेळी करा. केव्हातरी करण्यापेक्षा आठवड्यातून तीन दिवस रात्री साडेआठला केलेला बरा, कारण ती त्या वेळेची वाट पाहते आणि सांगायच्या गोष्टी जमवून ठेवते. "जेवलीस का, औषध घेतलंस का" एवढे विचारून ठेवून देऊ नका. तुमच्या नोकरीतली अडचण तिला सांगा, सल्ला मागा. ज्या बाईने चार माणसांचे घर अपुऱ्या पगारात चालवले तिला माणसांची पारख तुमच्या वरिष्ठांहून अधिक असते.

यापेक्षाही महत्त्वाची गोष्ट अशी, की आईजवळ जो राहतो, भाऊ, बहीण, भावजय वा पगारी बाई, त्याच्या श्रमांची दखल घेतल्याखेरीज दुरून आईचा मान राखता येत नाही. सहा महिन्यांनी आठ दिवसांसाठी येऊन "आईला हे का देता, ते का देत नाही" म्हणून सूचनांचा मारा करणाऱ्या लेकीमुळे वा लेकामुळे, ते परत गेल्यावर घरात जो कडवटपणा राहतो तो आईलाच सोसावा लागतो. तुम्ही आलात की त्या भावजयीला आठ दिवस सुट्टी द्या. तिला तिच्या आईकडे जाऊ द्या.

भावंडांनी जबाबदारीची वाटणी करावयाची असल्यास ती आईच्या समक्ष, तिचे मत विचारून आणि लिहून करावी. "तीन महिने थोरल्याकडे, तीन महिने धाकट्याकडे" ही वाटणी न्याय्य दिसते, पण सत्तरीनंतर दर तिमाहीस पिशवी भरून निघणाऱ्या बाईला स्वतःचे असे घर राहत नाही. ती जेथे राहू इच्छिते तेथे तिने राहावे, आणि जो तिला जवळ ठेवू शकत नाही त्याने पैसा, दवाखान्याच्या फेऱ्या, कागदपत्रे, सुट्टीतले दिवस यांचा वाटा उचलावा.

प्रकृती: ती काय लपवते

आया दुखणे लपवतात. खर्च होऊ नये, मुलांची रजा जाऊ नये, आणि काही दुखणी मुलासमोर बोलण्याची लाज वाटते, ही तीन कारणे प्रत्येक डॉक्टरांना ठाऊक आहेत. रक्तदाब, रक्तातील साखर, हिमोग्लोबिन आणि डोळे यांची तपासणी दर वर्षी एका ठरलेल्या महिन्यात करून घ्या. त्याखेरीज पुढील गोष्टींकडे लक्ष असू द्या:

- पाळी कायमची बंद झाल्यावर पुन्हा रक्तस्राव झाला, मग तो थेंबभर का असेना, तर स्त्रीरोगतज्ज्ञांकडे विनाविलंब न्या. तो साधा असू शकतो, परंतु गर्भाशयाच्या कर्करोगाचे ते पहिले लक्षण असण्याचाही संभव असतो. ही गोष्ट लेकीने वा सुनेने तिला एकदा स्पष्ट शब्दांत सांगून ठेवावी.
- स्तनात गाठ लागली आणि ती दुखत नाही, म्हणून गप्प बसण्याचा प्रघात आहे. न दुखणारी गाठच आधी दाखवावयाची.
- चारचौघांत ती बोलेनाशी झाली, भलतीच उत्तरे देऊ लागली, तर वयाचा परिणाम म्हणून सोडून देण्याआधी कान तपासून घ्या.
- ती गावाला जाणे, देवळात बसणे टाळू लागली, तर लघवी न थांबण्याचा त्रास आहे का हे हळुवारपणे विचारा. त्यावर उपचार आहेत.
- न्हाणीघरात घट्ट बसवलेला दांडा, न घसरणारी फरशी आणि रात्री जाण्यायेण्याच्या वाटेवर लहानसा दिवा, एवढ्यावर खुब्याचे हाड मोडण्याचा पुष्कळसा धोका टळतो.

आईचे वय सत्तर वा अधिक असेल, तर आयुष्मान भारत योजनेखाली, कुटुंबाचे उत्पन्न काहीही असले तरी, वर्षाला पाच लाख रुपयांपर्यंतच्या रुग्णालयीन उपचारांचे संरक्षण ऑक्टोबर २०२४ पासून मिळते. घरात सत्तरीपुढची दोन माणसे असतील तर ही रक्कम दोघांत मिळून असते. त्यासाठीचे कार्ड आधारच्या साहाय्याने निघते. ते दुखणे आल्यावर काढण्याऐवजी आजच काढून ठेवा. एस.टी.च्या गाड्यांत महाराष्ट्रात सर्व स्त्रियांना मार्च २०२३ पासून निम्मे भाडे आहे आणि पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना ऑगस्ट २०२२ पासून प्रवास विनामूल्य आहे. माहेरी कुणाला भेटायचे राहिले आहे या प्रश्नाचे उत्तर मिळाले असेल, तर त्याची अंमलबजावणी येथूनच सुरू करता येते.

नाव, पैसा आणि कागद

हा भाग कंटाळवाणा वाटेल, तरी तो टाळू नये अशी आमची आग्रहाची विनंती आहे. कारण हयातभर देवासारखी पूजलेली आई एका सहीने निराधार झाल्याची उदाहरणे गावोगाव सापडतात.

*नाव.* महाराष्ट्रात १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या नावाची सरकारी दस्तऐवजांतील नोंद मुलाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव या क्रमाने करण्याचे शासनाने ठरवले आहे. घरात नवे बाळ आले असेल तर जन्मदाखल्यावर हा क्रम बरोबर आला आहे ना, हे दाखला हाती घेतानाच तपासा. जे त्याआधी जन्मले त्यांनी कागदपत्रे बदलण्याच्या खटाटोपात पडावेच असे नाही. दारावरच्या पाटीवर आईचे नाव घालण्यास कोणत्याही कचेरीचा हुकूम लागत नाही.

*बँक.* आईचे खाते तिच्या एकटीच्या नावाचे असावे आणि त्याला जोडलेला मोबाईल क्रमांक तिचा असावा. पुष्कळ घरांत निवृत्तिवेतन, ठेवीचे व्याज वा शासकीय योजनेची रक्कम तिच्या खात्यात येते, पण संदेश मुलाच्या मोबाईलवर जातो आणि कार्ड त्याच्या खिशात असते. हेतू चांगला असला, तरी स्वतःचे किती पैसे आहेत हे तिला दुसऱ्यास विचारावे लागते. तिला पासबुक वाचण्यास, ए.टी.एम. वापरण्यास शिकवा. पोलीस वा अधिकारी असल्याचे सांगून कोणी मोबाईलवर तिला "अटक" करीत असेल, तर तो लबाड आहे, कायद्यात अशी अटक नाही, हे तिला पाठ करून द्या. पैसे गेलेच तर १९३० या क्रमांकावर तत्काळ तक्रार करावी. निवृत्तिवेतन वा कुटुंब निवृत्तिवेतन असल्यास दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यावा लागतो. तो आता चेहऱ्याच्या ओळखीवरून घरबसल्या मोबाईलवर देता येतो, तिला रांगेत उभे करू नका.

*वारसा.* वडील मृत्युपत्र न करता गेले, तर हिंदू उत्तराधिकार अधिनियम, १९५६ अन्वये त्यांच्या मिळकतीत आईला प्रत्येक मुलामुलीइतका हिस्सा मिळतो. आणि तो हिस्सा तिच्या पूर्ण मालकीचा असतो, केवळ हयातीपुरता नसतो. मुलगा आईच्या आधी गेला, तर त्याच्या मिळकतीतही त्याच्या पत्नी व मुलांबरोबर आई वारस असते. मुस्लिम, ख्रिस्ती व पारशी कुटुंबांचे नियम वेगळे आहेत. गोव्यात विवाहाच्या वेळी निराळा करार झालेला नसेल तर पतिपत्नीची मिळकत समाईक असते आणि पतीच्या पश्चात तीतला निम्मा हिस्सा पत्नीचा स्वतःचाच असतो. तेव्हा:

- वडिलांच्या पश्चात सातबारावर वा घराच्या उताऱ्यावर वारसनोंद करताना आईचे नाव लागले आहे, हे फेरफार मंजूर झाल्यावर स्वतः उतारा काढून पाहा. वडील हयात असतील तर त्यांच्याशी आजच बोला. शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीच्या मोहिमेत शेतकऱ्यांना बायकोच्या नावे जमीन करून देण्याचे आवाहन केले होते, आणि ते पुष्कळांनी मानले होते.
- दहाव्या-तेराव्याच्या गर्दीत आईपुढे हक्कसोडपत्र ठेवू नका आणि दुसऱ्याला ठेवू देऊ नका. नोंदणी झालेले हक्कसोडपत्र मागे फिरवणे अतिशय कठीण असते. निर्णय वर्षभराने झाला तरी काही बिघडत नाही.
- बँकेत वा सोसायटीत नामनिर्देशन ज्याचे आहे तो मालक होत नाही. तो रक्कम वा मिळकत वारसांच्या वतीने स्वीकारतो. या गैरसमजापायी पुष्कळ भांडणे होतात.
- आईने आपली मिळकत हयातीत मुलांच्या नावे बक्षीसपत्राने करून देण्यापेक्षा मृत्युपत्र करावे, असेच आम्ही सुचवू. मृत्युपत्र केव्हाही बदलता येते, त्याला दोन साक्षीदार पुरतात, नोंदणी केली तर उत्तम पण ती सक्तीची नाही. बक्षीसपत्र करावयाचेच असेल, तर घेणाऱ्याने तिच्या राहण्याची, खाण्याची व औषधोपचाराची तरतूद करावी ही अट त्यात स्पष्ट लिहून घ्यावी. या अटीचे महत्त्व पुढे येत आहे.

मान राखला जात नसेल तर: आईचे हक्क

हा लेख वाचणाऱ्यांत केवळ मुले नाहीत, आयाही आहेत, आणि शेजारची एखादी आई अडचणीत असल्याचे पाहणारेही आहेत. त्यांच्यासाठी हे शेवटचे प्रकरण.

आईवडील व ज्येष्ठ नागरिक यांच्या निर्वाह व कल्याणासाठीच्या २००७ सालच्या अधिनियमाखाली, स्वतःच्या उत्पन्नातून वा मिळकतीतून निर्वाह करू न शकणारी आई आपल्या सज्ञान मुलांविरुद्ध, मुलगे आणि मुली या दोहोंविरुद्ध, चरितार्थासाठी अर्ज करू शकते. त्यासाठी आईचे वय साठ असले पाहिजे असे नाही. सावत्र व दत्तक घेणारी आईही यात येते. अर्ज उपविभागीय अधिकाऱ्यांच्या, म्हणजे आपण ज्यांना प्रांतसाहेब म्हणतो त्यांच्या दर्जाच्या अधिकाऱ्यासमोरील न्यायाधिकरणात करावयाचा असतो. आई जेथे राहते तेथे वा मूल जेथे राहते तेथे.

- अर्ज ती स्वतः करू शकते. तिला शक्य नसेल तर तिने अधिकार दिलेली व्यक्ती वा संस्था करू शकते. वकील लावण्याची गरज नाही.
- न्यायाधिकरण प्रथम समेटाचा प्रयत्न करू शकते. प्रकरण चालू असताना अंतरिम रक्कम देवविता येते, आणि नोटीस बजावल्यापासून नव्वद दिवसांत निकाल अपेक्षित आहे. सबळ कारण असेल तर आणखी तीस दिवस.
- दरमहा जास्तीत जास्त दहा हजार रुपयांपर्यंतचा हुकूम होऊ शकतो. हुकुमाची प्रत तिला विनामूल्य मिळते.
- रक्कम थकली तर तीन महिन्यांच्या आत वसुलीसाठी पुन्हा अर्ज करावा. न देणाऱ्यास एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते.
- निकाल विरुद्ध गेला तर अपिलाची मुदत साठ दिवसांची आहे.
- देखभालीच्या अटीवर मिळकत करून दिली आणि घेणाऱ्याने ती अट पाळली नाही, तर कलम २३ अन्वये ते हस्तांतरण रद्द ठरवून मागता येते. अट कागदावर असणे येथे निर्णायक ठरते.
- देखभालीची जबाबदारी असताना ज्येष्ठ नागरिकास कोठेतरी नेऊन सोडून देणे हा गुन्हा आहे. त्यास तीन महिन्यांपर्यंत कैद वा पाच हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे.

फौजदारी प्रक्रियेच्या जुन्या कलम १२५ खाली, जे आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १४४ म्हणून आले आहे, दंडाधिकाऱ्यांकडेही पोटगी मागता येते. मात्र दोन्ही मार्ग एकाच वेळी धरता येत नाहीत, एकाची निवड करावी लागते. विवाहित मुलीवरही ही जबाबदारी येते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली स्पष्ट केले आहे.

मुले नसतील वा देण्याच्या स्थितीतच नसतील, तर श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजना पासष्ट वर्षांवरील निराधारांसाठी आणि संजय गांधी निराधार अनुदान योजना त्याखालील वयाच्या निराधार स्त्रियांसाठी आहे. दोन्हींचे अर्ज तहसील कार्यालयात स्वीकारले जातात. कोठे जावे हेच कळत नसेल तर ज्येष्ठांसाठीच्या १४५६७ या क्रमांकावर विचारावे. जीवास धोका असेल तर ११२.

कोणत्याही अर्जाला निघताना आईजवळ तिचा आधार, वयाचा पुरावा, मुलांची नावे व पत्ते, तिच्या औषधांच्या चिठ्ठ्या, बँकेच्या पासबुकाची प्रत आणि मिळकत करून दिली असल्यास त्या दस्ताची प्रत असावी. प्रत्येक कागदाच्या दोन प्रती काढाव्यात, आणि अर्ज दिल्यावर पोचपावती घेतल्याशिवाय खिडकीवरून हलू नये.